निसर्गाची राखण : वऱ्हाडातील काही वाटा

‘राखण’ हा शब्द आपल्या भागात दोन निरनिराळ्या कामांसाठी वापरला जातो. ज्वारी हुरड्यावर आली की शेतकरी शेतात मचाण बांधतो आणि रात्ररात्र जागलीला जातो. ती एक राखण. सरकार जंगलाभोवती सीमा आखते, नाक्यावर दांडा टाकते, चौकीत वनरक्षक बसविते. तीही राखणच. पहिल्या राखणीत राखणारा स्वतः मालक असतो. दुसऱ्या राखणीत राखणारा पगारी असतो, आणि ज्या गावाच्या शिवेला ते जंगल लागून आहे त्या गावाला मात्र त्याविषयी कोणी काही विचारलेले नसते. वने, वन्य प्राणी आणि निसर्गाचा वारसा सांगणारी स्थळे कशी टिकवावीत याविषयी गेल्या दीडशे वर्षांत जगात जो विचार झाला, त्यातला बराचसा वाद या दोन राखणींमधला आहे. हा वाद समजून घेण्यासाठी आपल्याला फार दूर जावयास नको. नांदगाव पेठहून उत्तरेस मेळघाट आहे, पश्चिमेस बुलढाणा जिल्ह्यात लोणार आहे, आणि अमरावती शहराला खेटून पोहरा-मालखेडचे रान आहे.

मेळघाटाकडे वळण्यापूर्वी थोडे मागे गेले पाहिजे. १८७२ साली अमेरिकेत यलोस्टोन हे जगातील पहिले राष्ट्रीय उद्यान स्थापन झाले. निसर्गाचा एक तुकडा कुंपण घालून माणसापासून वेगळा काढावयाचा, त्यात कोणी राहावयाचे नाही, पाहुणे म्हणून येऊन पाहून जावयाचे, अशी त्यामागची कल्पना. त्या प्रदेशात पिढ्यान्‌पिढ्या शिकार करणारे मूळ रहिवासी होते, त्यांना बाहेर जावे लागले ही गोष्ट पुष्कळ वर्षे कोणी फारशी सांगत नसे. आपल्या देशातील पहिले राष्ट्रीय उद्यान १९३६ साली हिमालयाच्या पायथ्याशी झाले, ते आज कॉर्बेट या नावाने प्रसिद्ध आहे. कल्पना तीच.

परंतु मेळघाटची राखण सुरू झाली ती वाघासाठी नव्हे, सागासाठी. १८५३ मध्ये वऱ्हाड इंग्रजांच्या ताब्यात आल्यावर १८६० च्या दशकातच येथील जंगलांचे मोठे पट्टे राखीव करण्यात आले. रेल्वे येत होती, इमारती उभ्या राहत होत्या आणि त्यासाठी लाकूड लागत होते. लाकूड तोडावयाचे, वाहून न्यावयाचे, वणवे विझवावयाचे, रस्ते करावयाचे तर माणसे पाहिजेत. म्हणून वनखात्याने जंगलात ठिकठिकाणी वनग्रामे वसविली. कोरकू कुटुंबांना तेथे थोडी जमीन कसू दिली आणि तिच्या बदल्यात खात्याची कामे करून घेतली. जमीन त्यांच्या नावावर मात्र नव्हती. ही बाब विद्यार्थ्यांनी नीट ध्यानात ठेवावी, कारण पुढील शंभर वर्षांची गुंतागुंत येथूनच सुरू होते. ज्या गावांना नंतर ‘जंगलातील अडथळा’ म्हटले गेले, त्यांपैकी कित्येक गावे जंगलाच्या राखणीसाठीच वसविलेली होती.

स्वातंत्र्यानंतर शिकारीचा उच्छाद झाला. बंदुका वाढल्या, जीपगाड्या आल्या, कातड्यांना परदेशात भाव आला. १९७२ च्या गणनेत देशात फक्त १,८२७ वाघ असल्याचे निघाले. त्याच वर्षी वन्यजीव संरक्षण कायदा झाला आणि १९७३ च्या एप्रिलमध्ये व्याघ्र प्रकल्प सुरू झाला. प्रकल्पासाठी प्रथम निवडलेल्या नऊ जंगलांत मेळघाट होते. १९७४ च्या फेब्रुवारीत ते व्याघ्र प्रकल्प म्हणून जाहीर झाले. महाराष्ट्रातील हा पहिला व्याघ्र प्रकल्प होय. १९८५ मध्ये मेळघाट अभयारण्य झाले, १९८७ मध्ये गुगामल राष्ट्रीय उद्यान (सुमारे ३६१ चौ. कि. मी.) झाले. १९९४ मध्ये सीमा पुन्हा आखून वस्तीचा काही भाग बहुपयोगी क्षेत्र म्हणून वेगळा काढण्यात आला, आणि १९९७ मध्ये वान, अंबाबरवा व नरनाळा ही अभयारण्ये झाली. २००७ साली सुमारे १,५०० चौ. कि. मी. क्षेत्र गाभा म्हणून ठरले. त्याभोवतीचे सुमारे १,२६८ चौ. कि. मी. क्षेत्र आता मध्यवर्ती पट्टा, म्हणजे सर्वांच्या तोंडी असलेले ‘बफर’ आहे.

या चौकीच्या राखणीने काय साधले? पुष्कळ साधले, हे प्रामाणिकपणे म्हटले पाहिजे. मेळघाटचे जंगल आज उभे आहे ते त्या दांड्यामुळे आणि पावसापाण्यात पायी गस्त घालणाऱ्या वनरक्षकांमुळे. शिकारी टोळ्यांनी येथे वाघ मारल्याची प्रकरणे २०१३ च्या सुमारास उघडकीस आली, तेव्हा माग काढून आरोपींना न्यायालयापर्यंत नेण्याचे कामही याच खात्याने केले. आणि या जंगलाचा उपयोग केवळ वाघाला आहे असे समजू नये. सिपना, खंडू, खापरा, गडगा, डोलार या नद्या मेळघाटातून निघून तापीला मिळतात. शहानूर आणि वान याच डोंगरांतून दक्षिणेस उतरतात. पूर्णेच्या खोऱ्यातील खारपाणपट्टा आपणा सर्वांना ठाऊक आहे. तेथे विहीर खोदली तर खारे पाणी लागते. अंजनगाव-दर्यापूरकडील गावे शहानूरच्या धरणाचे पाणी पितात, अकोट-तेल्हाऱ्याकडील गावे वानचे. दर्यापूरच्या नळाला गोड पाणी येते ते वरच्या रानातील झाडामुळे आणि गवतामुळे, हे आपल्या भूगोलाच्या पुस्तकात ठळक अक्षरांत असावयास हवे होते.

आता दुसरी बाजू. वाघाला कोरकू भाषेत ‘कुला’ म्हणतात, आणि ‘कुलामामा’ म्हणूनही त्याचा उल्लेख करतात. ज्याला मामा म्हणावयाचे त्याच्यासाठी घर सोडण्याची पाळी कोरकूंवर आली. २००१ ते २००३ या काळात बोरी, कोहा आणि कुंड ही तीन गावे गाभ्यातून उठवून अकोटच्या बाजूस सपाटीवर वसविण्यात आली. नंतर वैराट, चुर्णी, अमोना, नागरतास, बारुखेडा, धारगड, गुल्लरघाट, सोमठाणा, केलपाणी अशी नावे त्या यादीत येत गेली. नियम असा की, गावाची संमती हवी आणि वनहक्क आधी निश्चित व्हावयास हवेत. २००८ पासून कुटुंबामागे १० लाख रुपये किंवा त्याऐवजी जमीन-घर असा पर्याय आला, २०२१ मध्ये ही रक्कम १५ लाख झाली. उठलेल्या गावांच्या जागी गवताची कुरणे तयार झाली, आणि पूर्वी जेथे गुरे चरत तेथे आज सांबर व रानगवे चरताना दिसतात. वन्यजीवांच्या दृष्टीने हा लाभ निर्विवाद आहे.

माणसाच्या दृष्टीने हिशेब इतका सोपा नाही. डोंगरात मोहफुले, चारोळी, कंदमुळे, सरपण, नदीतले मासे यांना पैसे पडत नाहीत. सपाटीवर प्रत्येक गोष्ट विकत. आयुष्यात एवढी रक्कम एकदम पाहिली नव्हती अशा माणसाच्या खात्यावर १० लाख जमा झाले की, तेथे मोटारसायकलवाला, जमिनीचा दलाल आणि दूरचे सोयरे सारेच पोहोचतात. कोणी शेती घेतली आणि टिकले. ज्यांना ते जमले नाही ते मजूर झाले. २०१९ च्या जानेवारीत पुनर्वसित गावांतील बरीच मंडळी, कबूल झालेली जमीन व सोयी मिळाल्या नाहीत अशी तक्रार करीत, आपल्या जुन्या गावांच्या जागी परत गेली. तेथे वनकर्मचारी व पोलीस यांच्याशी त्यांचा संघर्ष झाला आणि दोन्हीकडची माणसे जखमी झाली. माझ्या मते ही घटना पुनर्वसनाच्या विरुद्ध पुरावा नव्हे. डोंगरातील अवघड जागा, दवाखाना दूर, पावसाळ्यात वाट बंद, अशा ठिकाणाहून बाहेर पडण्याची इच्छा असणारी कुटुंबेही तेथे होतीच. परंतु पैसे देणे म्हणजे पुनर्वसन, ही समजूत खोटी असल्याचा मात्र तो पुरावा आहे. गाव उठविण्याचे काम एका वर्षात होते. गाव बसविण्याला एक पिढी लागते, आणि त्या पिढीचा खर्च कोणत्याही अंदाजपत्रकात धरलेला नसतो.

वाघ डोळ्यांसमोर ठेवला की बाकीचे सारे आपोआप वाचेल, असेही पुष्कळांना वाटते. वाघाला मोठे जंगल लागते, म्हणून त्याच्या छत्राखाली इतर जीव सुरक्षित राहतात, हा विचार बराच खरा आहे. पण पूर्ण खरा नाही, आणि ते सांगायला एक लहानसे घुबड मेळघाटात आहे. त्याला आपण रानपिंगळा म्हणतो. ह्यूम या इंग्रज पक्षिविदाने १८७३ मध्ये त्याचे वर्णन केले. १८८४ नंतर तो कोणाला खात्रीने सापडला नाही आणि तो नामशेष झाला असे धरले गेले. ११३ वर्षांनी, १९९७ च्या नोव्हेंबरमध्ये, पामेला रासमुसेन आणि त्यांच्या सहकाऱ्यांना तो सातपुड्याच्याच पश्चिम टोकाकडे शहाद्याजवळ दिसला. पुढे शोध घेतल्यावर तो मेळघाटातही निघाला, आणि आज त्याच्या महत्त्वाच्या ठिकाणांत मेळघाटचे नाव घेतले जाते. विशेष असे की हा पक्षी घनदाट अरण्याचा नव्हे. त्याला विरळ सागवान, मोकळी जमीन, उंदीर-सरडे मिळण्यासारख्या जागा आणि राहण्यासाठी जुन्या झाडांतील ढोल्या लागतात. शेताच्या कडेलाही तो दिसतो. म्हणजे वाघासाठी जे जंगल आदर्श, तेच रानपिंगळ्यासाठी आदर्श असेल असे नाही. एखाद्या वनपालाने नियमाप्रमाणे पोकळ, निरुपयोगी झाड काढून टाकले, तर वाघाचे काही बिघडत नाही, पिंगळ्याचे घर जाते. (मराठीत पक्ष्यांविषयी अशी बारीक नजर ज्यांनी आणली त्या मारुती चितमपल्लींची वनखात्यातील काही वर्षे मेळघाटशी निगडित होती. आपल्या ग्रंथालयातील त्यांची पुस्तके वर्षभर जागची हलत नाहीत, एवढे येथे नोंदवून ठेवतो.)

चौकीच्या राखणीला दुसरी वाट आहे काय? आहे, आणि ती आपल्याच जिल्ह्यात अचलपूर तालुक्यात सापडते. पायविहीर हे सातपुड्याच्या पायथ्याचे, मुख्यतः कोरकूंचे लहान गाव. त्याच्या शेजारचे जंगल नावापुरते उरले होते. झाडे तुटलेली, माती वाहून गेलेली, गावातील माणसे कामासाठी बाहेर. २००६ चा वनहक्क कायदा २००८ पासून अमलात आला. त्यातील सामूहिक वनहक्काची तरतूद फार महत्त्वाची आहे. व्यक्तीला कसण्याची जमीन मिळणे निराळे, आणि सबंध गावाला आपल्या परंपरेच्या जंगलाचे व्यवस्थापन करण्याचा अधिकार मिळणे निराळे. गडचिरोली जिल्ह्यातील मेंढा (लेखा) या गावाने २००९ मध्ये हा अधिकार मिळवून देशाला वाट दाखविली होती. पायविहीरला २०१२ मध्ये सुमारे १९३ हेक्टर जंगलावर तो मिळाला.

त्यानंतर गावाने काय केले? काही अद्भुत केले नाही. ग्रामसभा बसवली. कोणी कुऱ्हाड घेऊन जावयाचे नाही, चराई कोठे व केव्हा करावयाची, वणवा लागला तर कोणी धावावयाचे, हे ठरवले. आळीपाळीने गस्त सुरू केली. रोजगार हमीच्या कामातून चर खोदले, बांध घातले, झाडे लावली, त्यामुळे मजुरीही गावातच मिळाली. मेळघाटात काम करणाऱ्या ‘खोज’ या संस्थेची त्यांना साथ होती. जंगलातील सीताफळे पूर्वी व्यापारी मातीमोल भावाने उचलीत. गावाने ती स्वतः गोळा केली, निवडली, पेट्यांत भरली आणि थेट मोठ्या शहरांच्या बाजारात पाठविली. २०१४ मध्ये या गावाला संयुक्त राष्ट्र विकास कार्यक्रमाचा भारत जैवविविधता पुरस्कार मिळाला. उपातखेडा, खतिजापूर, जामापूर या आसपासच्या गावांनीही हीच वाट धरली.

येथे एक आक्षेप नेहमी घेतला जातो, तो टाळून चालणार नाही. गावाच्या हाती जंगल दिले तर गाव ते विकून खाईल, असे म्हणतात. या आक्षेपाला इतिहासाने अर्धे उत्तर दिलेले आहे. ज्या काळात गावाला काहीच अधिकार नव्हता त्याच काळात पायविहीरचे जंगल उजाड झाले. ‘सरकारचे’ जंगल तोडताना कोणालाही आपले काही गेले असे वाटत नव्हते. सीताफळाचा पैसा ग्रामसभेच्या हिशेबात दिसू लागला तेव्हा कुऱ्हाड अडविणारा माणूस गावातूनच उभा राहिला. उरलेले अर्धे उत्तर मात्र अजून यावयाचे आहे. १९३ हेक्टर एका गावाने राखणे शक्य आहे. वाघाला शेकडो चौरस किलोमीटर लागतात, आणि तेथे एका गावाची राखण पुरत नाही. शिवाय अधिकार मिळूनही फाटाफूट, पुढाऱ्यांचा हस्तक्षेप किंवा नुसता आळस यामुळे काही न करणारी गावेही आहेत. तेव्हा मेळघाटचा गाभा चौकीने राखावा आणि भोवतालचा पट्टा ग्रामसभांनी, अशी वाटणी मला अधिक व्यवहार्य दिसते. अट एवढीच की, चौकीने ग्रामसभेला आपली मजूर समजू नये.

जंगलाहून निराळ्या प्रकारचा वारसा म्हणजे लोणारचे सरोवर. उल्का आदळून काळ्या बसाल्ट खडकात सुमारे १.८ कि. मी. व्यासाचे हे विवर पडले. त्याचे वय निरनिराळ्या पद्धतींनी ५० हजारांपासून साडेपाच लाख वर्षांहून अधिक असे वेगवेगळे काढले गेले आहे. लोकांनी त्याचा अर्थ लवणासुराच्या वधाच्या कथेतून लावला, आणि काठावर व विवराच्या पोटात देवळे बांधली. १९७९ मध्ये त्याला राष्ट्रीय भूवैज्ञानिक स्मारकाचा, २००० मध्ये अभयारण्याचा, २०२० च्या नोव्हेंबरमध्ये रामसर पाणस्थळाचा दर्जा मिळाला. दर्जा पुष्कळ, पण अडचण अशी की देवळे पुरातत्त्व खात्याची, झाडे वनखात्याची, आणि वरच्या गावातील सांडपाणी नगरपरिषदेचे. सरोवराचे वैशिष्ट्य त्याच्या खारट, अतिक्षारीय पाण्यात आहे. गावातले सांडपाणी किंवा गोडे पाणी त्यात उतरले की मूळ गुणच पालटू लागतो. २०२० च्या जूनमध्ये पाणी गुलाबी झाले तेव्हा देशभर चर्चा झाली. तपासणीत तो क्षारप्रिय सूक्ष्मजीवांच्या रंगाचा परिणाम निघाला. लोणारला ना चौकी पुरी पडते ना ग्रामसभा. तेथे गटारीचे काम वेळेवर करणारा अभियंता हाच मोठा निसर्गरक्षक!

शेवटी आपल्या दाराशी येऊ. आतापर्यंत सांगितलेले सारे सीमेच्या आतले झाले. पण प्राण्यांना सीमा वाचता येत नाहीत. यवतमाळ जिल्ह्यातील टिपेश्वरमधून २०१९ च्या जूनमध्ये गळ्यात रेडिओ पट्टा असलेला एक तरुण वाघ निघाला आणि शेते, नाले, रस्ते ओलांडीत सुमारे १,३०० कि. मी. फिरून डिसेंबरमध्ये बुलढाणा जिल्ह्यातील ज्ञानगंगा अभयारण्यात पोहोचला. एवढ्या प्रवासात त्याची बहुतेक वाट कपाशी-तुरीच्या शेतांतून होती. त्याच्या आदल्या वर्षी ऑक्टोबरमध्ये चंद्रपूरकडून आलेल्या एका वाघाने आपल्या धामणगाव तालुक्यात मंगरूळ दस्तगीर व अंजनसिंगी भागात दोन माणसे मारली. पुढे तो उत्तरेस बैतूल जिल्ह्यात गेला आणि तेथे पकडला गेला. धामणगावहून बैतूलकडे जावयाचे तर नागपूर-अमरावती महामार्ग कोठेतरी ओलांडावाच लागतो. म्हणजे आपल्या नांदगाव पेठवरून जाणाऱ्या या रस्त्याने, औद्योगिक वसाहतीसाठी जाणाऱ्या मालमोटारींच्या मधूनच, वऱ्हाडच्या दोन बाजूंची रानावनातली वाट जाते.

पोहरा-मालखेडच्या रानात बिबटे आहेत, आणि बाहेरून आलेला वाघही तेथे राहून गेलेला आहे. शिवारात काळवीट आहेत, रोही आहेत, रानडुकरे आहेत. आणि तेथेच तो जागलीला बसलेला शेतकरी आहे. रोह्यांच्या कळपाने एका रात्रीत हरभरा साफ केला, तर त्याला भरपाईसाठी अर्ज, पंचनामा आणि फेऱ्या यांतून जावे लागते. ज्याचे पीक गेले त्याला वन्यजीवांचे महत्त्व पटवून देणारा माणूस मी अजून पाहिलेला नाही. भरपाई वेळेवर आणि पुरेशी मिळणे, विहिरींना कठडे असणे, महामार्गाच्या नाल्यांखालून प्राण्यांना जाण्यापुरती जागा सोडणे, ई-क्लासची पडीक गवताळ जमीन ‘रिकामी’ समजून वाटून न टाकणे, या गोष्टी राष्ट्रीय उद्यानाइतक्या दिमाखदार नाहीत, परंतु सीमेबाहेरचे रान त्यांवरच अवलंबून आहे.

यासाठी कायद्याने एक साधन दिलेले आहे, आणि त्याची माहिती फार थोड्यांना असते. २००२ च्या जैवविविधता कायद्याप्रमाणे प्रत्येक ग्रामपंचायतीत जैवविविधता व्यवस्थापन समिती असावयास हवी आणि तिने गावाची लोकजैवविविधता नोंदवही ठेवावयास हवी. शिवारातील झाडे, गवते, पक्षी, पिकांचे जुने वाण, औषधी वनस्पती, पाणवठे आणि त्यांविषयीचे जाणत्यांचे ज्ञान तिच्यात नोंदवावयाचे असते. सुटीत गावी जाणाऱ्या विद्यार्थ्यांनी ग्रामपंचायतीच्या कचेरीत जाऊन ती वही पाहावयास मागावी. ती असेल तर तिच्यातील पाने गावातल्या गुराख्याला आणि वैदूला वाचून दाखवावीत, आणि त्यांनी सांगितलेल्या दुरुस्त्या समितीकडे लेखी द्याव्यात. ती कोरी असेल, तर आजीला ठाऊक असलेल्या रानभाज्यांच्या नावांपासून आरंभ करता येईल.